मोड आला, मोड गेला!

दहा दिवस चौघांनी मिळून रोज रात्री खेळलेला मोड अकराव्या दिवशी अपडेट मारलं की गायब! लोकांना एवढा आवडतो, तरी गेम कंपन्या तो काढून का घेतात? उत्तर थोडं गर्दीत आहे, थोडं गल्ल्यात, आणि थोडं आपल्या स्वतःच्या घाईत.

जालन्याहून राजूरमार्गे भोकरदनकडे निघालं की पूर्णा नदीच्या काठी केदारखेडा लागतं. भोकरदन तालुक्यातलं गाव. आता ऑनलाइन गेमच्या लेखात केदारखेड्याचं काय काम, असं कुणी विचारेल. तर काम आहे. एक म्हणजे अशा गावांत मोबाइल हेच मैदान. कन्सोल, गेमिंग पीसी ही चैन शहरातली. आणि दुसरं, ‘लिमिटेड टाइम मोड’ का गायब होतो हे कोडं गेमिंग कॅफेत बसून जेवढं सुटत नाही, तेवढं आपल्याकडच्या आठवडी बाजारात उभं राहिलं की सुटतं. दोघांचं गणित एकच आहे.

पण बाजारात जाण्याआधी मोडची थोडी कुंडली मांडू.

हे खूळ आलं कुठून?

लिमिटेड टाइम मोड म्हणजे नेहमीच्या गेममध्ये थोड्या दिवसांसाठी केलेला बदल. मैदान बहुतेक वेळा तेच, नियम वेगळे. २०१४ च्या एप्रिल फूलला ‘लीग ऑफ लेजंड्स’नं ‘अल्ट्रा रॅपिड फायर’ नावाचा मोड आणला. पोरं त्याला ‘उर्फ’ म्हणतात. एरवी एखादी खास शक्ती वापरली की ती पुन्हा मिळेपर्यंत थांबावं लागतं. ‘उर्फ’मध्ये ते थांबणंच जवळपास काढून टाकलं. मग काय, नुसता धुमाकूळ! आणला होता गंमत म्हणून, पण लोक त्याच्या मागेच लागले.

डिसेंबर २०१७ मध्ये ‘फोर्टनाइट’नं शंभर खेळाडूंच्या पन्नास-पन्नासच्या दोन फौजा केल्या आणि समोरासमोर सोडल्या. आपल्याकडे हे वेड खऱ्या अर्थानं पोचलं ते ‘पब्जी मोबाइल’मधून. फेब्रुवारी २०१९ मध्ये ‘रेसिडेंट ईव्हिल २’ या गेमशी जोडलेला झॉम्बीवाला मोड आला. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये ‘पेलोड’ आला, हेलिकॉप्टर आणि रॉकेट लाँचर घेऊन. ज्यांनी तेव्हा दहावी-अकरावीत असताना तो खेळलाय, त्यांना अजून त्या हेलिकॉप्टरचा आवाज आठवत असेल.

मग एवढं भारी काही हातात असताना कंपनी ते ठेवून का देत नाही?

बाजार रोज का भरत नाही?

आठवडी बाजाराचा वार ठरलेला असतो. भाजीवाला, कापडवाला, चपला-भांड्यांवाला, भेळवाला, सगळे त्या दिवशी येतात. बाकीचे दिवस तेच लोक आपापलं गाठोडं घेऊन दुसऱ्या गावच्या बाजारात असतात. आता समजा, कुणी म्हणालं, एवढी मजा येते तर बाजार रोजच भरवू. काय होईल? पहिल्या दिवशी गर्दी. दुसऱ्या दिवशी जरा कमी. चौथ्या दिवशी भेळवाला माश्या मारत बसलेला. पाचव्या दिवशी तो येणारच नाही. तो नाही म्हणून गिऱ्हाईक नाही, गिऱ्हाईक नाही म्हणून कापडवाला नाही. गिऱ्हाईक तेवढंच होतं, ते सात दिवसांत विखुरलं, आणि बाजार उठला.

ऑनलाइन गेममध्ये गिऱ्हाईकही आपणच आणि मालही आपणच. समोर खेळायला माणूस नसेल तर नुसत्या मॅपचं करायचं काय?

हिशेबच मांडू. समजा, एका वेळी ६,००० जण खेळतायत. एका मॅचमध्ये १०० जण, आणि मॅच धरू २५ मिनिटांची. म्हणजे एका वेळी ६० मॅच चालू असणार, आणि सरासरी दर २५ सेकंदाला एक नवी मॅच सुरू होणार. स्टार्ट दाबलं की विमानात! आता याच ६,००० जणांना वाटून टाका. तीन मॅप. प्रत्येकात सोलो, ड्युओ, स्क्वॉड. त्यातही टीपीपी आणि एफपीपी. तीन गुणिले तीन गुणिले दोन, झाल्या १८ रांगा. एका रांगेत सरासरी ३३३ जण. आता त्या रांगेत नवी मॅच सुरू व्हायला साडेसात मिनिटं लागणार.

आणि हे झालं सगळे सारखे वाटले गेले तर. प्रत्यक्षात एका मॅपवर झुंबड आणि दुसऱ्यावर शुकशुकाट असतो. वर गेमला आपल्या तोडीचे खेळाडू शोधायचे असतात, नाहीतर नवख्या पोराला पहिल्या मिनिटाला कुणीतरी उडवणार. पिंग कमी हवा म्हणून जवळच्या सर्व्हरवरचेच खेळाडू हवेत. प्रत्येक अट घातली की रांग आणखी पातळ होते. साडेसात मिनिटं थांबतो कोण? दोन मिनिटांत माणूस बाहेर पडून रील्स बघायला लागतो. तो गेला की मागच्याला आणखी थांबावं लागतं, मग तोही जातो. कंपनीकडे मग दोनच उपाय उरतात. एक, रिकाम्या जागा बॉट घालून भरायच्या. दुसरा, रांगाच कमी करायच्या.

म्हणून कायमचा झालेला प्रत्येक नवा मोड बाकीच्या मोडमधली माणसं खातो. ‘एपेक्स लेजंड्स’चं उदाहरण घ्या. एकट्यानं खेळायचा सोलो मोड परत आणा, असं लोक कित्येक वर्षं म्हणत होते. मे २०२४ मध्ये कंपनीनं तो आणला, पण त्यासाठी दोघांचा ड्युओ मोड बाजूला ठेवला. एसटीतल्या सीटसारखं झालं. एकाला बसवायचं तर दुसऱ्यानं उठायचं.

नव्याचे नऊ दिवस

दुसरं कारण आपल्याला ऐकायला आवडत नाही. आपण कंटाळतो.

‘उर्फ’ कायमचा ठेवा अशी मागणी वर्षानुवर्षं झाली. तो बनवणाऱ्या रायट गेम्सचा अनुभव वेगळा होता. मोड सुरू झाला की गर्दी उसळते, पण ती लवकर ओसरते. शिवाय त्यात पोटभर खेळून झालेले काही जण मूळ गेमकडेही परत फिरकत नाहीत. धुमाकुळाची सवय लागली की साधा सामना अळणी लागतो.

‘एपेक्स’मध्येही सोलो मोड पहिल्यांदा ऑगस्ट २०१९ मध्ये आला होता, थोड्या दिवसांसाठीच. तो गेल्यावर कंपनीनं कारण सांगितलं, की त्या मोडमुळे नवे खेळाडू टिकण्यावर उलटा परिणाम झाला. यात नवल नाही. तो गेम तिघांच्या टीमसाठी बांधलेला. एकानं जखमीला उठवायचं, दुसऱ्यानं आडोसा द्यायचा, तिसऱ्यानं शत्रूचा माग काढायचा. एकट्याच्या मोडमध्ये जखमीला उठवणाऱ्याचं काय काम? नवा पोरगा येतो, मार खातो, कुणी सावरायला नसतं, गेम अनइन्स्टॉल करून जातो.

आपल्याकडच्या ज्वारीच्या हुरड्याचंच बघा ना. थंडीत थोडे दिवस मिळतो म्हणून त्यासाठी शेतावर जायचे बेत होतात, शहरातले पाहुणे येतात, आगटीभोवती गप्पा रंगतात. तोच बारा महिने पाकिटात मिळायला लागला तर खाणारे असतीलही, पण शेतावर कोण जाईल? जे संपणार असतं, त्यासाठी सगळे एकाच वेळी जमतात. मोड बनवणाऱ्यांना हे पक्कं ठाऊक आहे.

पाहुण्याचा करार, घरची डागडुजी

काही मोड जातात, कारण ते मुळात त्या कंपनीचे नसतातच. ८ मे २०१८ ला ‘फोर्टनाइट’मध्ये थेट थानोस अवतरला. ‘अव्हेंजर्स : इन्फिनिटी वॉर’ थिएटरात चालू होता, आणि इकडे गेममध्ये हातमोजा सापडला की खेळाडू स्वतः थानोस व्हायचा. १५ मेला सगळं गुंडाळलं. थानोस मार्व्हलचा, गेम एपिकचा. असा पाहुणा करारावर येतो आणि करारातल्या तारखेला जातो. तो कायमचा ठेवायचा तर परवानगी नव्यानं घ्यायची, पैसे नव्यानं मोजायचे.

मग डागडुजी. मोड एकदा बनवला की झालं, असं नसतं. नवी बंदूक आली, जुन्या गाडीचा वेग बदलला, मॅपवर नवा पूल आला, की प्रत्येक मोडमध्ये ते नीट चालतंय का हे तपासावं लागतं. पाच मोड असतील तर पाच वेळा, पंधरा असतील तर पंधरा वेळा. नाहीतर माणूस भिंतीतून आरपार जायला लागतो, आणि त्याचा व्हिडिओ दुसऱ्या दिवशी सगळीकडे.

आणि जागा! नोव्हेंबर २०२० मध्ये ‘डेस्टिनी २’नं आपले काही ग्रह आणि जुन्या मोहिमाच्या मोहिमा गेममधून काढून ठेवल्या. गेमचा पसारा आवरेनासा झालाय, हे एक मोठं कारण दिलं. त्यात लोकांनी पैसे देऊन घेतलेल्या मोहिमाही होत्या. हा झाला पीसी-कन्सोलचा गेम. आपल्याकडे तर गेमचं अपडेट टाकायला आधी लग्नाचे व्हिडिओ डिलीट करावे लागतात. प्रत्येक जुना मोड ठेवत गेलं, तर गेम निम्म्या फोनमध्ये मावणारच नाही.

घाई कुणाची?

इथपर्यंतची कारणं कंपनीच्या बाजूनं समजून घेण्यासारखी आहेत. पण गल्ल्याची गोष्ट टाळून चालणार नाही.

‘फक्त ६ दिवस शिल्लक’ हे अक्षर स्क्रीनवर लुकलुकायला लागलं की आपण खेळायला नव्हे, चुकायला नको म्हणून गेम उघडतो. रोजचं मिशन, रोजचा लॉग-इन, सात दिवस आलात तर अमुक स्किन. सहा दिवस केलंय, आता सातवा सोडायचा कसा? मोडच्या तारखेला जोडून दुकानातल्या वस्तूंचीही तारीख येते. त्या स्किनची गरज काल नव्हती, उद्याही नसणार. पण आज ती जाणार आहे, एवढ्यानं हात खिशाकडे जातो. सेमिस्टरची परीक्षा तोंडावर असताना तर हे फारच जड जातं. कंपनीचं कॅलेंडर आपल्या विद्यापीठाला विचारून बनत नाही.

यावर आपल्या देशात नियमही आहेत. केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणानं ३० नोव्हेंबर २०२३ ला ‘डार्क पॅटर्न’ रोखण्यासाठी मार्गदर्शक तत्त्वं काढली. गिऱ्हाइकाला फसवून निर्णय घ्यायला लावणाऱ्या डिजिटल युक्त्यांचे १३ प्रकार त्यात दिलेत. यादीतला पहिलाच प्रकार आहे ‘फॉल्स अर्जन्सी’, म्हणजे खोटी घाई. वस्तू संपत आल्याचा किंवा वेळ सरत आल्याचा खोटा देखावा करून लगेच खरेदी करायला भाग पाडणं.

फरक नीट समजून घ्या. मोड खरंच रविवारी संपणार असेल तर तारीख सांगणं ही फसवणूक नाही. उलट ते बरंच. पण ‘शेवटची संधी’ म्हणून विकलेली गोष्ट पुढच्या महिन्यात पुन्हा दुकानात मांडलेली दिसली, तर ती घाई खरी होती का, हा प्रश्न विचारायचा आपल्याला पूर्ण हक्क आहे.

गेलेले परत येतात?

येतात की! मार्च २०२२ मध्ये ‘फोर्टनाइट’नं आपली ओळख असलेलं बांधकामच काही दिवसांसाठी बंद केलं. भिंती-जिने उभारायचे नाहीत, नुसतं खेळायचं. ज्यांना बांधकामाच्या वेगापुढे टिकता येत नव्हतं, ते सगळे परत आले. महिना संपायच्या आत ‘झीरो बिल्ड’ वेगळा मोड म्हणून कायमचा झाला.

नोव्हेंबर २०२३ मध्ये त्याच गेमनं आपला जुना मॅप महिन्याभरासाठी परत आणला, तेव्हा एका दिवसात ४ कोटी ४७ लाख लोक खेळायला आले. पुढे ६ डिसेंबर २०२४ पासून ‘फोर्टनाइट ओजी’ हा कायमचा मोडच झाला. रायटचा ‘टीमफाइट टॅक्टिक्स’ही २०१९ मध्ये ‘लीग’मधला एक प्रयोग म्हणूनच आला होता. आज तो स्वतःच एक मोठा गेम आहे.

म्हणजे पहिल्या दिवशी किती आले यावर मोडचं भवितव्य ठरत नाही. नवलाई ओसरल्यावर किती उरले यावर ठरतं. शिवाय ते कुठून आले हेही बघितलं जातं. दुसऱ्या रांगेतून उठून आले की नव्यानं गेममध्ये आले? नवी माणसं आणणारा मोड टिकतो. घरचीच माणसं इकडून तिकडे हलवणारा जातो.

आपला तर अख्खा गेमच!

जगभरातली पोरं मोड गेला म्हणून रडतात. भारतातल्या पोरांनी अख्खा गेम जाताना बघितलाय. २ सप्टेंबर २०२० ला सरकारनं ११८ अ‍ॅप्सवर बंदी घातली, त्यात ‘पब्जी मोबाइल’ होतं. २ जुलै २०२१ ला ‘बीजीएमआय’ आलं. २८ जुलै २०२२ ला तेही प्ले स्टोअरवरून गेलं. मे २०२३ मध्ये परत आलं ते तीन महिन्यांच्या चाचणीच्या अटीवर! मधल्या काळात, १४ फेब्रुवारी २०२२ ला ‘फ्री फायर’ गेलं. ही कारणं वेगळी होती, देशाच्या सुरक्षेची आणि डेटाची. पण खेळणाऱ्याच्या हाती उरलं ते सारखंच. काल होतं, आज नाही.

बाहेरच्या जगात यावर चळवळ उभी राहिलीय. युबिसॉफ्टनं ‘द क्रू’ या कार रेसिंग गेमचे सर्व्हर ३१ मार्च २०२४ ला बंद केले. विकत घेतलेला गेम लोकांना उघडता येईना. त्यातून ‘स्टॉप किलिंग गेम्स’ ही मोहीम सुरू झाली, आणि जुलै २०२५ मध्ये युरोपात तिच्या मागणीवरच्या सह्यांनी दहा लाखांचा आकडा ओलांडला. मागणी साधी आहे. सर्व्हर बंद करा, पण घेतलेला गेम कसातरी खेळता येईल अशी सोय ठेवून जा.

सगळेच गेम असे सर्व्हरच्या दोरीला टांगलेले नसतात. २०२० मध्ये पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सनं ‘राजी : अ‍ॅन एन्शंट एपिक’ काढला. धाकट्या भावाला शोधायला निघालेल्या मुलीची गोष्ट. एकट्यानं खेळायचा गेम. तिथं शंभर जण जमायची वाट बघावी लागत नाही, त्यामुळं रांग रिकामी पडली म्हणून तो कुणी बंदही करत नाही.

आणि आपल्या गल्लीतले गेम आठवा. गोट्या, भोवरे, पतंग, विटी-दांडू. तेही लिमिटेड टाइमच होते. एका महिन्यात गाव गोट्यांनी वेडं, पुढच्या महिन्यात कुणाच्या खिशात एकही गोटी नाही. पण मोसम आला की खेळ परत यायचा, कारण नियम पोरांच्या डोक्यात होते. मोडचे नियम कंपनीच्या सर्व्हरवर असतात. तिनं बटण दाबलं की संपलं.

मग करायचं काय?

मोड खेळूच नका, असला उपदेश इथं मिळणार नाही. मजा येते, खेळा. फक्त थोडं डोकं लावून.

• मोड आला की पहिल्यांदा शेवटची तारीख बघा आणि परीक्षेच्या वेळापत्रकाशेजारी ठेवून बघा. किती दिवस खेळायचं ते सुरुवातीलाच ठरवा. शेवटच्या रात्री ठरवायला गेलात तर घड्याळ तुमच्या वतीनं ठरवतं.

• मोडसोबत आलेली वस्तू विकत घेण्याआधी एकच विचारा : हा मोड गेल्यावर ही वस्तू वापरीन का? आणि एक दिवस थांबा. दुसऱ्या दिवशीही हवीशी वाटली तर बघू.

• एखादा मोड मनापासून आवडला तर नुसतं ‘परत आणा’ लिहून भागत नाही. पहिला आठवडा सरल्यावरही तो खेळा, नव्या मित्रांना आणा. कंपनी प्रतिक्रिया वाचते, पण त्याआधी रांग मोजते.

• जिथं कस्टम रूमची सोय आहे, तिथं आपले नियम आपण ठरवता येतात. नुसत्या पिस्तुलावर खेळायचं, गाडी वापरायची नाही, असलं काहीही. थोडी माणसं जमवली की आपला मोड आपणच चालवू शकतो.

शेवटचा मुद्दा जरा जवळचा आहे. बारावीनंतर चौकडी फुटते. एक पुण्याला कंपनीत लागतो, एक छत्रपती संभाजीनगरला होस्टेलवर जातो, एक पोलीस भरतीची तयारी करतो, एक गावातच शेती बघतो. रात्री नऊच्या त्या मोडमध्ये चौघं भेटायचे, शिव्या द्यायचे, घरच्या चार गोष्टी बोलायचे. मोड बंद झाल्यावर जे चुकल्यासारखं वाटतं, त्यात झॉम्बीचा वाटा थोडाच असतो. गेमनं ती वेळ ठरवून दिली होती, आता ती आपण ठरवायची. नऊ म्हणजे नऊ. मग नवा मोड असो, जुना मॅप असो, नाहीतर नेट गंडलंय म्हणून नुसता ग्रुप कॉलवर खेळलेला भेंड्यांचा डाव असो.